आकाशाचे कारकून

१० एप्रिल २०१९ रोजी कृष्णविवराची पहिली प्रतिमा जगभर झळकली. काळ्या गोलाभोवती केशरी कडं असलेलं ते चित्र नंतर टी-शर्टांवरही छापलं गेलं. ज्या दीर्घिकेच्या पोटात हे कृष्णविवर आहे ती साडेपाच कोटी प्रकाशवर्षं दूर आहे आणि त्याचं वस्तुमान आपल्या सूर्याच्या ६५० कोटी पट आहे, हे सगळ्या बातम्यांत होतं. दीर्घिकेचं नावही होतं, ‘एम ८७’. हा ‘एम’ कोणाचा, याची चौकशी फारशी कोणी केली नाही.

तो शार्ल मेसिए या फ्रेंच माणसाचा. १८ मार्च १७८१ च्या रात्री पॅरिसमधल्या आपल्या गच्चीवरच्या वेधशाळेतून त्याने कन्या राशीत एक अंधूक डाग पाहिला, जवळच्या ताऱ्यापासून तो किती अंतरावर आहे ते मोजलं आणि वहीत लिहून ठेवलं. दीर्घिका म्हणजे काय हे त्याला माहीत नव्हतं. कृष्णविवराची तर कल्पनाच करायला नको. त्यातही गंमत अशी, की तो डाग त्याला मुळात नकोच होता. तो धूमकेतू शोधायला बसला होता आणि असले डाग त्याचा वेळ खात होते.

खगोलशास्त्राचा इतिहास सांगताना आपण सहसा मोठ्या कल्पनांची माणसं निवडतो: कोपर्निकस, न्यूटन, हबल. याद्या करणारे मागे राहतात, कारण यादी करणं हे कारकुनी काम. पण ताऱ्यांचे गुच्छ, तेजोमेघ आणि दीर्घिका यांच्याबाबतीत दीडशे वर्षं कल्पना सतत चुकत राहिल्या आणि कारकुनी मात्र टिकली. मेसिएने लिहिलेला ‘काय आहे’ हा रकाना आज जवळपास पूर्ण रद्द झाला आहे. ‘कुठे आहे’ हा रकाना मोजक्या चुका सोडल्या तर आजही चालतो.

मेसिए तर शब्दशः कारकूनच होता. १७३० साली लोरेन प्रांतातल्या बादोंव्हिये गावी बारा भावंडांत दहावा म्हणून तो जन्मला. अकरा वर्षांचा असताना वडील गेले. १७४४ मध्ये सहा शेपट्यांचा एक भव्य धूमकेतू युरोपच्या आकाशात दिसला, तो या पोराने पाहिला. १७५१ मध्ये नोकरीसाठी पॅरिसला आला तेव्हा त्याच्याकडे शिक्षण फारसं नव्हतं. अक्षर मात्र सुरेख होतं आणि नकाशे काढायचा हात होता. नौदलाचा खगोलज्ञ जोसेफ-निकोला देलील याने तेवढ्यावर त्याला ठेवून घेतलं. मिळालेल्या पहिल्या कामांपैकी एक म्हणजे चीनच्या भिंतीच्या मोठ्या नकाशाची नक्कल. आकाशाचा संबंध नाही. हळूहळू मात्र त्याला दुर्बिणीशी बसवलं गेलं आणि प्रत्येक वेध वेळेसकट, स्थानासकट लिहून ठेवायची शिस्त लागली.

तेव्हा युरोपात एका पाहुण्याची वाट पाहणं चालू होतं. एडमंड हॅलीने वर्तवलेला धूमकेतू १७५८ च्या सुमारास परत यायचा होता. तो पहिल्यांदा पाहणाऱ्याचं नाव होणार, हे उघड होतं. देलीलने धूमकेतू आकाशात कोणत्या वाटेने येईल याचा नकाशा काढला आणि मेसिए त्या नकाशाबरहुकूम दीड वर्ष शोधत राहिला. नकाशाच चुकला होता. २५ डिसेंबर १७५८ रोजी ड्रेस्डेनजवळच्या योहान गेओर्ग पालिच नावाच्या एका शेतकऱ्याने तो धूमकेतू पाहिला. मेसिएला तो २१ जानेवारी १७५९ रोजी दिसला, तोही देलीलचा नकाशा बाजूला ठेवल्यावर. जर्मनीतल्या शोधाची वार्ता तोवर पॅरिसला पोचली नव्हती. त्यातच देलीलने त्याला तोंड बंद ठेवायला सांगितलं. साहेबाने अडवून धरलेली फाइल महिनोन् महिने हलत नाही, हा अनुभव अठराव्या शतकातल्या पॅरिसलाही नवा नव्हता. एप्रिलमध्ये बातमी बाहेर पडली तेव्हा इतरांनी तिच्यावर विश्वासच ठेवला नाही.

याच शोधाच्या धांदलीत, ऑगस्ट १७५८ च्या अखेरीस, मेसिए वृषभ राशीतून चाललेल्या एका वेगळ्याच धूमकेतूचा पाठलाग करत होता. वृषभाच्या शिंगाच्या टोकाशी त्याला एक लांबट, फिकट ठिपका दिसला. धूमकेतू शेपटी फुटण्यापूर्वी अगदी तसाच दिसतो. ओळखायचा एकच उपाय: दुसऱ्या, तिसऱ्या रात्री पुन्हा पाहायचं. धूमकेतू ताऱ्यांमधून सरकतो. हा ठिपका जागचा हलेना. १२ सप्टेंबरला मेसिएने त्याचं स्थान मोजून नोंदवलं. त्याच्या यादीतली ही पहिली नोंद, एम १.

ज्याला त्याने केवळ फसवा डाग मानलं, तो म्हणजे फुटून गेलेल्या एका ताऱ्याचे अवशेष. १०५४ साली चीनमधल्या दरबारी ज्योतिषांनी त्या जागी एक ‘पाहुणा तारा’ नोंदवला होता. तो २३ दिवस भर दिवसा दिसत होता. आज त्याला खेकडा तेजोमेघ म्हणतात. तो साडेसहा हजार प्रकाशवर्षं दूर आहे आणि त्याच्या मधोमध मूळ ताऱ्याचा उरलेला गाभा सेकंदाला ३० वेळा गरगरतो आहे, हे १९६८ मध्ये कळलं. मेसिएच्याही आधी, १७३१ मध्ये, जॉन बेव्हिस या इंग्रज डॉक्टरने हा डाग पाहिला होता, पण नाव चिकटलं ते यादी करणाऱ्याचंच.

धूमकेतूंचा एवढा सोस कशासाठी, असं आजच्या वाचकाला वाटेल. त्या काळात नवा धूमकेतू म्हणजे कीर्ती, अकादमीचं सदस्यत्व, निवृत्तिवेतनाची आशा. न्यूटनचं गुरुत्वाकर्षण दूरवर चालतं की नाही हे पडताळायचं साधनही तेच. मेसिएच्या नावावर १३ धूमकेतू आहेत. पंधरावा लुई त्याला धूमकेतूंचा मुंगूस म्हणायचा म्हणे. बिळातून भक्ष्य हुडकून काढणारा म्हणून. १७७२ मध्ये बाळंतपणानंतर त्याची बायको आणि लगेच मूलही गेलं. त्याच दिवसांत लिमोजच्या मोंतेन्य नावाच्या निरीक्षकाने एक नवा धूमकेतू शोधला. कोणी सांत्वनाला आलं तेव्हा मेसिए धूमकेतू हातचा गेल्याबद्दल हळहळायला लागला आणि मग भानावर येऊन बायकोसाठी रडला, असा किस्सा ला हार्प या लेखकाने लिहून ठेवला आहे. ला हार्पला तिखटमीठ लावायची सवय होती. तरीही किस्सा टिकला, यावरून लोक मेसिएला काय समजत होते ते कळतं.

यादी करायला तो खऱ्या अर्थाने बसला १७६४ मध्ये. काही महिन्यांतच तो एम ३ पासून एम ४० पर्यंत आला. आधीच्या लोकांनी कुठे कुठे धुरकट काही पाहिल्याचं लिहिलं होतं, ते सगळं त्याने दुर्बिणीतून तपासलं. तपासणीतही निष्ठा अशी, की योहानेस हेवेलियसने सप्तर्षीत सांगितलेला तेजोमेघ सापडला नाही, तिथे नुसते दोन तारे जवळजवळ दिसले, तर तेही एम ४० म्हणून चढवले. काही नाही, पण कोणी विचारलं तर उत्तर तयार हवं.

मग मार्च १७६९ मध्ये, यादी छापायच्या आधी, त्याने आणखी चार नोंदी घातल्या: मृगातला तेजोमेघ आणि त्याला लागून असलेला तुकडा (एम ४२, एम ४३), कर्क राशीतला गुच्छ (एम ४४) आणि कृत्तिका (एम ४५). कृत्तिकांना धूमकेतू समजणारा माणूस पृथ्वीतलावर सापडायचा नाही. आपल्याकडे नक्षत्रांची गणनाच जिच्यापासून सुरू व्हायची त्या कृत्तिकेला फसवा डाग म्हणून कोण नोंदवेल? एम ४४ तर आपलं पुष्य नक्षत्र. या भरतीचं कारण मेसिएने लिहिलेलं नाही. अभ्यासकांचा अंदाज असा, की आबे लाकाय या फ्रेंच खगोलज्ञाच्या यादीत ४२ नोंदी होत्या आणि मेसिएला त्याहून लांब यादी हवी होती. अंदाज पटण्याजोगा आहे.

त्या लाकायची हकिगत वेगळी सांगण्यासारखी आहे. १७५१ मध्ये तो आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला केप टाउनला गेला आणि जेमतेम अर्धा इंच व्यासाचं भिंग असलेल्या दुर्बिणीने त्याने दक्षिण आकाशातले सुमारे दहा हजार तारे मोजले. जाता जाता १४ नवे तारकासमूह कल्पिले. पुराणकथा न घेता त्याने सूक्ष्मदर्शक, दुर्बीण, घड्याळ अशा उपकरणांची नावं त्यांना दिली. ४२ तेजोमेघ हे या सगळ्या कामाचं उपफळ.

आणखी मागे गेलं तर इस्फहानचा अब्दुर्रहमान अल-सूफी भेटतो. त्याने ९६४ च्या सुमारास ताऱ्यांवरच्या आपल्या ग्रंथात देवयानी तारकासमूहात एक लहानसा ढग असल्याचं लिहिलं. नुसत्या डोळ्यांनी दिसणारी ही दीर्घिका म्हणजे आजची एम ३१. सिसिलीतल्या जोव्हान्नी बात्तिस्ता ओदिएर्ना या पाद्र्याने १६५४ मध्ये चाळीसेक डागांची यादी छापली होती. ती एवढी विस्मरणात गेली, की थेट १९८० च्या दशकात पुन्हा लोकांसमोर आली. मेसिएला तिचा पत्ताच नव्हता.

मेसिएची ४५ नोंदींची यादी १७७४ मध्ये प्रसिद्ध झाली आणि पिएर मेशँ या धाकट्या सहकाऱ्याच्या मदतीने १७८१ पर्यंत १०३ वर गेली. घाईघाईत काही नोंदी बिघडल्या. एम ४७ च्या जागी आकाशात काहीच सापडेना. दीडशे वर्षं तो ‘हरवलेला’ होता. शेवटी लक्षात आलं, की जवळच्या ताऱ्यापासूनचं अंतर मिळवताना मेसिएने अधिकच्या जागी उणे, उणेच्या जागी अधिक धरलं होतं. चिन्ह बदललं की तिथे छान तारकागुच्छ दिसतो. १०२ नंबरची नोंद म्हणजे १०१ च पुन्हा लिहिली गेली आहे, असं मेशँने १७८३ मध्ये पत्र लिहून स्वतःच कळवलं. काही जणांना ते अजून मान्य नाही आणि ते वेगळीच दीर्घिका पुढे करतात. विसाव्या शतकात मेसिए-मेशँच्या जुन्या टिपणांतून आणखी काही निघालं आणि यादी ११० वर थांबली.

यादी वाढवायचं काम मेसिएकडून सुटलं ते एका अपघातामुळे. ६ नोव्हेंबर १७८१ रोजी पॅरिसच्या मोंसो बागेत फिरताना कुतूहलाने एका उघड्या दारातून तो आत शिरला. ते बर्फ साठवायचं तळघर होतं. पंचवीस फूट खाली पडून हात, मांडी, मनगट आणि दोन बरगड्या मोडल्या. वर्षभर तो अंथरुणात होता. १२ नोव्हेंबर १७८२ ला बुध सूर्यबिंबावरून जाताना पाहण्यासाठी लंगडत का होईना, पुन्हा दुर्बिणीशी हजर झाला.

तो अंथरुणाला खिळलेला असताना, १७८१ च्या डिसेंबरात, यादीची एक प्रत इंग्लंडमधल्या बाथ शहरी विल्यम हर्शलच्या हाती पडली. हर्शल हानोव्हरहून आलेला वादक. बाथच्या चर्चमध्ये ऑर्गन वाजवायचा, गाण्याच्या शिकवण्या घ्यायचा आणि रात्री आरसे घासायचा. त्याच वर्षी मार्चमध्ये त्याने युरेनस शोधला होता. मेसिएने एम ८७ लिहिण्याच्या अवघ्या पाच दिवस आधी. मेसिएची दुर्बीण आजच्या साडेतीन-चार इंची दुर्बिणीच्या तोडीची. हर्शलने बनवलेल्या वीस फुटी दुर्बिणीचा आरसा पावणेएकोणीस इंचांचा. मेसिएने जिथे ‘यात तारा नाही’ असं ठामपणे लिहिलं होतं, त्यातल्या कित्येक डागांत हर्शलला तारेच तारे दिसले. शौरी तारकासमूहातला एम १३ हे ठळक उदाहरण: मेसिएच्या दृष्टीने तारेविरहित गोल धुकं, वास्तवात लाखो ताऱ्यांचा गोलाकार गुच्छ.

१७८३ च्या शरदात हर्शलने आकाश झाडायला घेतलं. दुर्बीण दक्षिणेकडे रोखून ठेवायची, हळूहळू वर-खाली हलवायची आणि पृथ्वीच्या फिरण्याने आकाशाचा पट्टा आपोआप समोरून सरकू द्यायचा. अडचण लिहिण्याची होती. अंधाराला सरावलेला डोळा दिव्यासमोर नेला की पुढची दहा-पंधरा मिनिटं फुकट जातात. म्हणून बघणारा एक आणि लिहिणारा दुसरा हवा. लिहायला बसली त्याची धाकटी बहीण कॅरोलिन.

लहानपणीच्या टायफसने उंची सव्वाचार फुटांवर खुंटलेली, आईने घरकामापलीकडे काही शिकू न दिलेली कॅरोलिन १७७२ मध्ये भावाकडे आली. गाणं शिकून व्यासपीठावर उभी राहिली. भावाने संगीत सोडलं तसं तिचंही सुटलं. आरसा ओतायच्या साच्यासाठी घोड्याची लीद कुटून चाळायचं काम तिच्याकडे आलं. भाऊ तासन् तास आरसा घासत असला की हात थांबवता येत नसे, तेव्हा त्याला घास भरवायचं कामही तिचंच. रात्री ती खिडकीशी टेबलावर घड्याळ, दिवा, ताऱ्यांची जुनी यादी आणि वही घेऊन बसे. वरून विल्यम वर्णन ओरडून सांगे, ती ते मोठ्याने परत वाचून वेळ आणि उंची टिपून घेई. सकाळी त्या कच्च्या टिपणांची स्वच्छ प्रत, संदर्भताऱ्यापासूनचे आकडे, आकडेमोडीची पडताळणी, हे सगळं चाले.

३१ डिसेंबर १७८३ ची रात्र. दिवसभर आभाळ होतं, दहाच्या सुमाराला काही तारे दिसले. जमिनीवर फूटभर वितळतं बर्फ. विल्यमने दुर्बिणीच्या सांगाड्यात काही बदल करायला सांगितला, म्हणून कॅरोलिन अंधारात धावली आणि घसरून पडली ती खाटकाकडे असतो तसल्या लोखंडी आकड्यावर. आकडा गुडघ्याच्या वर मांडीत घुसला. भाऊ घाई कर म्हणून ओरडत होता. तिला उचललं तेव्हा जवळजवळ दोन औंस मांस आकड्यालाच राहिलं. डॉक्टर न बोलावता तिने स्वतःच मलमपट्टी केली. पुढे आठवणी लिहिताना तिने समाधान मानलं ते या गोष्टीचं, की त्या रात्री पुढे आभाळ भरून आलं, त्यामुळे भावाचं काही नुकसान झालं नाही. त्यागाच्या कहाण्यांना आपण लगेच गहिवरतो. इथे गहिवरण्याआधी राग यायला हरकत नाही.

वीस वर्षांत या दोघांनी अडीच हजार डाग नोंदवले. १७८६ मध्ये हजार, १७८९ मध्ये आणखी हजार, १८०२ मध्ये पाचशे. कॅरोलिनने स्वतः आठ धूमकेतू शोधले. १७८७ पासून राजाकडून तिला वर्षाला पन्नास पौंड पगार सुरू झाला. १८२२ मध्ये विल्यम गेल्यावर ती हानोव्हरला परतली आणि सत्तरी ओलांडलेली असताना भावाच्या अडीच हजार नोंदी तिने नव्याने मांडल्या. या नोंदी विल्यमने प्रकारांप्रमाणे लावल्या होत्या. त्या क्रमाने दुर्बिणीशी बसलं तर एका रात्रीत आकाशाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत धावावं लागे. कॅरोलिनने त्या पट्ट्यांनुसार लावल्या, म्हणजे निरीक्षक एका रात्री एकच पट्टा घेऊन पुढे जाऊ शकेल. ही वही छापली गेली नाही. पण भाचा जॉन हर्शल याला सगळे तेजोमेघ पुन्हा तपासता आले ते तिच्यामुळे. १८२८ मध्ये लंडनच्या खगोल संस्थेने तिला सुवर्णपदक दिलं.

जॉन पुढे आई-बापांच्या पिढीला न दिसलेलं दक्षिण आकाश पाहायला केपला गेला आणि १८३४ ते १८३८ या काळात त्याने सतराशेवर डाग नोंदवले. तिथे त्याला वाईट कारकुनीचाही अनुभव आला. ऑस्ट्रेलियात पॅरामाटा इथे जेम्स डनलॉपने १८२६ मध्ये दक्षिण आकाश पाहून ६२९ नोंदींची यादी छापली होती. जॉनला त्यातल्या जेमतेम एक तृतीयांश सापडल्या.

हे डाग म्हणजे आहे तरी काय, याचं उत्तर दर पिढीला बदलत गेलं. विल्यम हर्शलचं सुरुवातीचं मत होतं, की पुरेशी मोठी दुर्बीण लावली तर प्रत्येक डाग ताऱ्यांत फुटेल. १३ नोव्हेंबर १७९० ला त्याला वृषभात एक तारा दिसला, ज्याच्या चारही बाजूंना समान पसरलेलं मंद तेज होतं. हे तेज ताऱ्यांचं मानलं तर मधला तारा अवाढव्य ठरतो. त्याने मत बदललं: खरोखरचा तेजस्वी वायूसारखा पदार्थ आकाशात आहे. मग १८४५ मध्ये आयर्लंडात लॉर्ड रॉसने सहा फूट व्यासाच्या आरशातून एम ५१ ची भोवऱ्यासारखी रचना पाहिली, बरेच डाग ताऱ्यांत फुटल्याचे दावे होऊ लागले आणि पारडं पुन्हा उलटं झुकलं.

निकाल लागला वर्णपटाने. २९ ऑगस्ट १८६४ रोजी लंडनच्या विल्यम हगिन्सने कालेय तारकासमूहातल्या एका डागाचा प्रकाश लोलकातून पाहिला. ताऱ्यांचा असता तर रंगांचा सलग पट्टा दिसला असता. दिसल्या त्या मोजक्या तेजस्वी रेषा, त्यात एक हिरवी ठळक. म्हणजे हा वायू. ही हिरवी रेषा कुठल्याच ज्ञात मूलद्रव्याची नव्हती.

या भांडणात पुणंही होतं. भावनगरचे महाराज तख्तसिंहजी यांच्या देणगीतून आणि सरकारी मदतीतून पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समध्ये, म्हणजे नंतरच्या अभियांत्रिकी महाविद्यालयात, १८८८ मध्ये वेधशाळा उभी राहिली. ती चालवत होते कावसजी दादाभाई नायगमवाला. मृग तेजोमेघातली ती हिरवी रेषा मॅग्नेशियमची, उल्कांच्या टकरींतून आलेली आहे असा नॉर्मन लॉकियर या वजनदार इंग्रज शास्त्रज्ञाचा दावा होता. तसं असेल तर रेषा एका बाजूने पसरट दिसायला हवी. नायगमवालांनी पुण्यातून वर्णपट तपासले आणि रेषा काहीही केलं तरी रेखीवच दिसते, असं १८९१ मध्ये लंडनच्या रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या नियतकालिकात लिहिलं. ते बरोबर होते. ती रेषा दोन इलेक्ट्रॉन गमावलेल्या ऑक्सिजनची, हे १९२७ मध्ये अमेरिकेत आयरा बोवेनने दाखवलं. इतक्या विरळ अवस्थेतला ऑक्सिजन पृथ्वीवरच्या प्रयोगशाळेत सहजी मिळत नाही, म्हणून ओळख पटत नव्हती. नायगमवाला १९१२ मध्ये निवृत्त झाले, वेधशाळा बंद झाली आणि दुर्बीण कोडाईकनालला गेली. पुण्याच्या रस्त्यांवर कोणाकोणाच्या पाट्या आहेत. नायगमवाला हे नाव मात्र खगोलप्रेमी सोडले तर कोणाला आठवत नाही.

तोवर याद्या फार झाल्या होत्या. जॉन हर्शलने १८६४ मध्ये ५,०७९ नोंदींची एकत्र सूची काढली, पण दरवर्षी नव्या भर पडत होत्या. कोपनहेगनचा योहान लुडविग एमिल ड्रायर हा लॉर्ड रॉसच्या मुलाकडे सहायक होता. १८८६ मध्ये आर्मा इथल्या वेधशाळेत असताना त्याने पुरवणी छापायला पाठवली. रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीने सांगितलं, आता पुरवण्या पुरे, सगळं एकत्र करा. दोन वर्षांत त्याने जगभरच्या निरीक्षकांच्या नोंदी गोळा केल्या, सगळ्यांची स्थानं १८६० सालच्या एकाच मापावर आणली, दुहेरी नोंदी शक्य तेवढ्या गाळल्या. पृथ्वीचा आस भोवऱ्यासारखा डुलत असल्याने आकाशातले पत्ते दरवर्षी किंचित सरकतात. हे सरकणं प्रत्येक नोंदीसाठी वेगळं मोजायचं, तेही हाताने. १८८८ मध्ये ७,८४० नोंदींची ‘न्यू जनरल कॅटलॉग’ निघाली. आजही शास्त्रीय निबंधांत ‘एनजीसी’ हा शिक्का दिसतो तो तिचाच. पुढे दोन पुरवण्यांत आणखी ५,३८६ नोंदी आल्या.

ड्रायरच्या यादीत शेजारी शेजारी बसलेल्या नोंदींत काही शे प्रकाशवर्षांवरचे गुच्छ होते आणि काही लाखो-कोटी प्रकाशवर्षांवरच्या दीर्घिका. यादी करणाऱ्याला फरक ठाऊक नव्हता आणि यादीला त्याने काही बिघडलं नाही. १८८८ च्या अखेरीस आयझॅक रॉबर्ट्सने देवयानीतल्या एम ३१ चं छायाचित्र घेतलं आणि त्यात सर्पिल हात स्पष्ट दिसले, तेव्हा त्याला वाटलं की एखादी सूर्यमालाच आकार घेते आहे. ऑक्टोबर १९२३ मध्ये एडविन हबलने माउंट विल्सनच्या शंभर इंची दुर्बिणीने त्याच डागात एक तेज बदलणारा तारा पकडला. हा तारा किती दिवसांत मंद-प्रखर होतो यावरून त्याचं खरं तेज कळतं, हे हार्वर्डमधल्या हेन्रिएटा लेव्हिटने १९१२ मध्येच दाखवलं होतं. तीही वेधशाळेत छायाचित्रांच्या काचा तपासत नोंदी करणारीच. तिच्या नियमाने हबलने अंतर काढलं: नऊ लाख प्रकाशवर्षं, आपल्या आकाशगंगेच्या पार बाहेर. नंतरच्या मोजणीत ते २५ लाख निघालं. हबलचा आकडाही बदलावा लागला. एम ३१ जागच्या जागी होती.

डनलॉपच्या गबाळ्या यादीतूनही एक रत्न पुणे जिल्ह्यात उजेडात आलं. मृगाच्या दक्षिणेला त्याने १८२६ मध्ये नोंदवलेला एक गोलाकार गुच्छ ड्रायरच्या सूचीत एनजीसी १८५१ म्हणून आहे. नारायणगावजवळ खोडदच्या शेतांमध्ये ४५ मीटर व्यासाच्या ३० ताटल्यांची जी महाकाय रेडिओ दुर्बीण आहे, तिने या गुच्छात सेकंदाला सुमारे २०० वेळा फिरणारा, जोडीदाराभोवती कमालीच्या लांबट कक्षेत धावणारा एक स्पंदक तारा शोधला. तो शोध २००४ मध्ये जाहीर झाला.

मेसिएचे शेवटचे दिवस मात्र हलाखीत गेले. राज्यक्रांतीत पगार आणि निवृत्तिवेतन दोन्ही गेलं. दिव्यासाठी तेलही सहकारी जेरोम लालांदकडून उसनं आणावं लागे. १७९३ मध्ये त्याने एक धूमकेतू शोधला, त्याची कक्षा मित्र बोशार द सारों याने तुरुंगात बसून काढली. गणित बरोबर आल्याचं मेसिएने वर्तमानपत्रात लपवलेल्या चिठ्ठीने कळवलं. २० एप्रिल १७९४ ला सारोंचा शिरच्छेद झाला. नेपोलियनने १८०६ मध्ये मेसिएला पदक दिलं. त्याची परतफेड म्हणून की काय, १७६९ च्या धूमकेतूचा संबंध नेपोलियनच्या जन्माशी जोडणारी एक पुस्तिका या नेमस्त कारकुनाने लिहिली. तेवढं एक टिपण त्याने केलं नसतं तर बरं झालं असतं. १८१७ च्या एप्रिलमध्ये तो वारला.

त्याने टाळायला लिहिलेली यादी आता लोक शोधायला वापरतात. मार्चअखेरीच्या किंवा एप्रिलच्या सुरुवातीच्या अमावस्येला, सूर्य आकाशाच्या अशा भागात असतो की मेसिएच्या सगळ्या ११० नोंदी एका रात्रीत उरकता येतात. हौशी निरीक्षक त्याला मेसिए मॅरेथॉन म्हणतात आणि महाराष्ट्राचा अक्षांश त्यासाठी सोयीचा आहे. शहराच्या दिव्यांपासून दूर जायचं, यादी क्रमाने लावून घ्यायची, संध्याकाळी उजेड असतानाच पश्चिमेला तयार राहायचं. एम ७४ आणि एम ७७ संधिप्रकाशात बुडत असतात, ते आधी पकडावे लागतात. मग देवयानी, वृषभ, मृग, मध्यरात्री कन्या राशीतल्या दीर्घिकांचा गुंता. तिथे बहुतेकांची वही चुकते. पहाटे वृश्चिक आणि धनु. सर्वांत शेवटी मकरेतला एम ३०, सूर्याच्या अगदी पुढेपुढे उगवणारा. क्षितिजावर धुरळा असला किंवा तांबडं लवकर फुटलं, तर १०९ वर वही मिटावी लागते.